टावर चौकातील अर्धा तास

उज्जैन म्हटले की कोणाला महाकाळाचे मंदिर आठवते, कोणाला क्षिप्रेचा घाट, तर कोणाला विक्रमादित्याच्या कथा. मला मात्र त्या नगरीचे नाव निघाले की फ्रीगंज भागातील टावर चौक आठवतो. त्या चौकातील घड्याळाचा मनोरा, संध्याकाळी त्याच्या आसपास लागणाऱ्या खाद्यपदार्थांच्या गाड्या, त्यांवरून उठणारा तेलाचा वास, वाहनांचा अखंड गलबला, आणि त्या गलबल्यात एका बंद दुकानाच्या ओट्यावर बसलेला मी! वाचकहो, चाळीस वर्षे नित्यनेमाने चर्चची पायरी चढूनही जे मला उमगले नव्हते, ते त्या ओट्यावर उमगले. ते कसे, हेच आज सांगावयाचे आहे.

माझा मुलगा नोकरीनिमित्त उज्जैनला असतो. सुनेचे दुसरे बाळंतपण होते म्हणून मी व माझी पत्नी वसईकडील आमचे गाव सोडून तीन महिने तेथे जाऊन राहिलो. पत्नीला घरात काम होते. मला कोणतेच नव्हते. मोठ्या नातवाला संध्याकाळी टावर चौकाजवळच्या शिकवणीला पोहोचवावयाचे व तासाभराने परत आणावयाचे, एवढेच काय ते माझ्याकडे सोपविलेले. रविवारी आम्ही मिस्साला जात असू. तेथील धर्मप्रांत सिरो-मलबार परंपरेचा, उपासना हिंदीत. प्रभू तोच, परंतु कानाला सवय नसल्याने मन रमत नसे. गावापासून दूर गेले म्हणजे माणसाची भक्ती किती सवयीवर चालते आणि किती अंतःकरणावर, हे आपोआप कळून येते.

एके दिवशी नातवाने शिकवणीला जाण्यास कुरकुर केली म्हणून मी त्याला मराठीत चार शब्द सुनावले. तो आत गेला आणि शेजारी उभे असलेले एक वृद्ध गृहस्थ हसून म्हणाले, "आपण आमच्या मुलखातले दिसता!" ते मूळचे अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातले, रेल्वेतून निवृत्त होऊन उज्जैनलाच स्थायिक झालेले. माझ्या हातातील जपमाळ त्यांनी पाहिली. "मीही ख्रिस्तीच. आमचे घराणे मात्र अमेरिकन मिशनच्या मंडळीतले," असे म्हणून ते ओट्यावर टेकले.

त्या दिवसापासून ते रोज येऊ लागले. मी त्यांना काका म्हणे व ते मला गुरुजी म्हणत, कारण मी प्राथमिक शाळेत शिक्षक होतो हे त्यांना कळले होते. एकदा त्यांनी विचारले, "गुरुजी, आपली जपमाळ वीसेक मिनिटांत संपते. उरलेला वेळ काय करता?"

"माणसांची ये-जा पाहतो," मी म्हणालो.

"मग तेवढ्या वेळात स्वतःला प्रवचन का करीत नाही?"

मला हसू आले. जन्मभर इतरांच्या मुलांना उपदेश केला. आता चौकात बसून स्वतःलाच उपदेश करावयाचा? परंतु काकांनी हसण्यावारी नेले नाही. ते म्हणाले, "माझे आजोबा रोज दिवेलागणीला अर्धा तास शेताच्या बांधावर बसत. प्रथम वचनावर विचार करीत, मग स्वतःशी बोलत, आणि शेवटी देवाशी बोलत. मधले पाऊल चुकले तर पहिले नुसते ज्ञान राहते आणि तिसरे नुसती बडबड होते, असे ते आम्हां मुलांना सांगत. ही रीत त्यांना मिशनच्या जुन्या लोकांकडून मिळाली होती, व त्या लोकांना प्युरिटन पूर्वजांकडून."

प्युरिटन हा शब्द ऐकून माझे मन थोडे मागे सरले, हे मला कबूल केले पाहिजे. सोळाव्या-सतराव्या शतकांतील इंग्लंडमधील हा पंथ. चर्चमधून मूर्ती व रंगीत काचा काढून टाकणारे, जपमाळ व संतांचे सण नाकारणारे हे लोक. त्यांचे वर्चस्व असलेल्या पार्लमेंटने तर १६४७ साली नाताळचा सणसुद्धा रद्द केला होता! अशांकडून आम्ही कॅथोलिकांनी प्रार्थना शिकावी काय? मी तसे बोलूनही दाखविले. काका शांतपणे म्हणाले, "त्यांनी ती कोणाकडून घेतली, हे तर आधी ऐका." आणि मग त्यांनी जी हकिगत सांगितली, ती पुढे मी ग्रंथ पाहून ताडून घेतली आहे.

इंग्लंडच्या श्रॉपशायर परगण्यात १६१५ साली रिचर्ड बॅक्स्टर नावाचा मुलगा जन्मला. तो पंधरा वर्षांचा असताना गावातील एका गरीब मजुराने त्याच्या वडिलांना एक जुने, फाटके पुस्तक वाचावयास दिले. ते वाचून त्या मुलाच्या अंतःकरणाला जाग आली. हाच मुलगा पुढे प्युरिटनांमधील थोर धर्मोपदेशक झाला. आता ते पुस्तक कोणाचे होते? रॉबर्ट पर्सन्स या येशूसंघीय धर्मगुरूचे! पर्सन्स यांनी ते १५८२ साली प्रसिद्ध केले होते. दोनच वर्षांनी एडमंड बनी नावाच्या प्रॉटेस्टंट पाळकाने त्यातील आपल्याला न पटणारा भाग गाळून ते आपल्या लोकांसाठी छापले. पर्सन्स यांना या काटछाटीचा संताप आला व तो त्यांनी लिहूनही दाखविला. परंतु देवाची योजना पाहा. ज्या फेरफाराने लेखक दुखावला, त्याच फेरफारामुळे त्याचे शब्द त्या मजुराच्या झोपडीपर्यंत पोहोचले.

आपल्या मराठी ख्रिस्ती लोकांस आणखी एक गोष्ट जवळची वाटेल. हेच पर्सन्स १५७५ साली रोममध्ये येशूसंघात दाखल झाले. आणि त्याच वर्षी त्याच नगरीत आणखी एक इंग्रज तरुण त्या संघात आला. त्याचे नाव थॉमस स्टीफन्स. तो १५७९ साली गोव्यास पोहोचला, आपली भाषा शिकला, तिच्यावर लुब्ध झाला, आणि १६१६ साली रायतूर येथे त्याचे 'ख्रिस्तपुराण' छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ गोव्यातील ख्रिस्ती लोक चर्चमध्ये वाचीत. एकाच साली एकाच घरात शिरलेले हे दोघे. एकाच्या शब्दांनी इंग्लंडमधील प्युरिटन मुलगा जागा झाला, दुसऱ्याच्या ओव्यांनी आपले पूर्वज भक्तीत रंगले.

बॅक्स्टर पुढे किडरमिन्स्टर या विणकरांच्या गावी पाळक झाला. तेथील विणकर मागावर काम करता करता समोर पुस्तक ठेवून वाचीत, असे त्याने लिहून ठेवले आहे. इंग्लंडमधील यादवी युद्धात तो काही काळ सैन्याबरोबर होता. त्या धावपळीत रक्तस्राव होऊन त्याची प्रकृती इतकी ढासळली की आता मरण जवळ आले, असे त्याला वाटले. आपल्या घरापासून दूर, परक्याच्या घरी अंथरुणाला खिळून असताना, दुसऱ्या कोणासाठी नव्हे तर स्वतःच्या धीरासाठी, तो स्वर्गीय विसाव्यावर मनन करू लागला व ते लिहू लागला. तेच त्याचे १६५० साली प्रसिद्ध झालेले 'संतांचा सार्वकालिक विसावा' या अर्थाचे मोठे पुस्तक. मरण मात्र आले नाही. तो १६९१ पर्यंत जगला, आणि सत्तरीच्या घरात असताना लिखाणापायी तुरुंगातही गेला.

त्या पुस्तकाच्या शेवटच्या भागात मननाची रीत आहे. वेळ ठरलेली असावी. जागा एकान्ताची असावी. प्रथम स्मरणाने विषय मनापुढे आणावा, मग बुद्धीने तो तोलावा, मग प्रीती, इच्छा, आशा, धैर्य व आनंद या भावना एकेक करून जागवाव्यात. मन थंडच राहिले तर जसा उपदेशक लोकांशी बोलतो तसे स्वतःच्या जिवाशी बोलावे, त्याला विचारावे, त्याला दटवावे, त्याची समजूत घालावी. आणि शेवटी देवाकडे वळावे. ज्यांनी संत इग्नेशियस लोयोला यांच्या 'आध्यात्मिक साधना' या १५४८ साली छापलेल्या ग्रंथाविषयी ऐकले आहे, त्यांना यातील बरेच काही ओळखीचे वाटेल. स्मरण, बुद्धी व इच्छा यांना कामास लावावे आणि शेवटी मित्र मित्राशी बोलतो तसे प्रभूशी बोलावे, अशीच तेथील शिकवण आहे. विहिरी दोन, परंतु झरा एकच.

ही रीत आपल्या मुलखात येण्याचा मार्गही सरळ आहे. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स येथे जाऊन वसलेल्या प्युरिटनांच्या मंडळ्यांतूनच पुढे जे मिशन निघाले, त्याचे पहिले लोक १८१३ साली मुंबईस उतरले व १८३१ साली त्यांनी अहमदनगरला ठाणे केले. रेव्हरंड नारायण वामन टिळक यांनी याच मिशनबरोबर काम केले. जॉन बनियन या दुसऱ्या प्युरिटनाची प्रसिद्ध यात्रेकरूची कथा तर हरी केशवजी यांनी १८४१ सालीच 'यात्रिक क्रमण' या नावाने मराठीत आणली होती. काकांच्या आजोबांच्या बांधावरील अर्धा तास हा असा लांबचा प्रवास करून आला होता, आणि आता तो टावर चौकात माझ्यापुढे उभा होता.

असो. दुसऱ्या दिवशी जपमाळ आटोपल्यावर मी डोळे मिटून बसलो. प्रभूच्या दुःखसहनाचा विषय घेतला. दोन मिनिटे गेली नाहीत तोच मन गावी, आमच्या वाडीतल्या विहिरीवर जाऊन बसले. ओढून आणले, पुन्हा विहिरीवर! तिसऱ्या दिवशी तेच, चौथ्या दिवशी तेच. मी कंटाळून काकांना म्हणालो, "हे मला साधणार नाही. मन भटकते."

"कोठे जाते?"

मी उत्तर टाळले. त्यांनीही आग्रह केला नाही. एवढेच म्हणाले, "बॅक्स्टरला सूर्यास्तापासून अंधार पडेपर्यंतची वेळ सर्वांत मानवे. इसहाकही संध्याकाळी मनन करावयास रानात गेला होता, नाही का? आज घरी गेल्यावर इसहाकाची कथा वाचा."

त्या रात्री मी उत्पत्तीच्या पुस्तकातील चोविसावा अध्याय वाचला. संध्याकाळी रानात गेलेला इसहाक, दुरून येणारे उंट, रिबेका, सारे वाचले. पुस्तक मिटण्याऐवजी पुढे वाचीत गेलो, आणि सव्विसाव्या अध्यायापाशी माझा हात थबकला. याच इसहाकाच्या चाकरांनी झऱ्याची विहीर खणली, तर गरारचे गुराखी पाणी आमचे म्हणून भांडू लागले. इसहाकाने ती विहीर सोडली व तिला भांडणाचे नाव दिले, एसेक. दुसरी खणली, तिच्यावरूनही तंटा झाला. तीही सोडली, तिचे नाव सितना. तिसरीवर कोणी भांडले नाही, तेव्हा तो म्हणाला की आता परमेश्वराने आम्हांला ऐसपैस जागा दिली आहे; तिचे नाव रहोबोथ. जो माणूस संध्याकाळी रानात जाऊन मनन करीत असे, तोच माणूस विहीर सोडू शकला!

वाचकहो, आता माझी गोष्ट सांगतो. आमच्या वाडीतील विहीर वडिलांनी खणली, तेव्हा मी व माझा धाकटा भाऊ दोघांनीही मातीच्या पाट्या वाहिल्या होत्या. वडिलांच्या पश्चात वाटण्या झाल्या. मोजणीत विहीर माझ्या हिश्श्यात आली. भावाने आठवड्यातून तीन दिवस पाणी घ्यावे असे तोंडी ठरले होते. एका उन्हाळ्यात पाणी खाली गेले, शब्दाला शब्द वाढला, आणि मी पंपाच्या खोलीला कुलूप लावून मध्ये तारेचे कुंपण घातले. कागद माझ्या बाजूने होता. कायद्याने मला कोणी काही म्हणू शकत नव्हते. त्या वर्षी भावाची केळीची बाग वाळली. नंतर त्याने दुसरीकडून पाण्याची सोय केली, परंतु आमचे बोलणे अकरा वर्षे बंद होते. आम्ही दोघेही दर रविवारी एकाच चर्चमध्ये, दोन वेगळ्या रांगांत गुडघे टेकीत होतो. पापनिवेदनात मी 'राग येतो' असे सांगत असे. विहिरीचे नाव मात्र अकरा वर्षांत एकदाही घेतले नव्हते.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी चौकात बसलो तेव्हा मनाला विहिरीवरून ओढून आणले नाही. तेथेच बसू दिले, आणि काकांनी सांगितल्याप्रमाणे त्याच्याशी बोलू लागलो. म्हणालो, "जीवा, मोजणी तुझ्या बाजूने आहे, खरे. परंतु त्या मातीत कोणाकोणाचा घाम आहे? वेदीवर अर्पण आणताना भावाची तक्रार आठवली तर अर्पण तेथेच ठेवून आधी समेट कर, असे प्रभूने सांगितले. तू अकरा वर्षे कोणते अर्पण नेत होतास? स्वर्गात तुझा भाऊ तुझ्या शेजारी बसला तर तू तेथेही रांग बदलशील काय?" मी मनातल्या मनात बोलत होतो, परंतु डोळ्यांतील पाणी मनातल्या मनात राहीना. समोर गाड्यांवर गिऱ्हाइकांची गर्दी होती, कोणाचेही माझ्याकडे लक्ष नव्हते. भर चौकात इतका एकान्त मला पूर्वी कधी मिळाला नव्हता.

डोके वर केले तो मनोऱ्यावरील घड्याळात अर्धा तास उलटला होता. प्राचीन काळी आपले ज्योतिषी उज्जैनच्या रेखेवरून देशाची वेळ मोजीत; सवाई जयसिंगाची वेधशाळाही तेथे आहे. माझ्या जिवाची चुकलेली वेळ त्याच गावात लागावी, याचे मला आजही नवल वाटते.

त्या रविवारी मी पापनिवेदन केले, आणि विहिरीचे नाव घेतले. भावाला पत्र लिहिले. त्याचे उत्तर आले नाही. गावी परतलो त्या दिवशी प्रवासाच्याच कपड्यांनी वाडीत गेलो, तारेचे कुंपण सोडविले, आणि पंपाच्या खोलीची दुसरी किल्ली घेऊन भावाच्या ओटीवर गेलो. तो काही बोलला नाही. मी किल्ली ठेवली, "चुकलो" म्हणालो व परत आलो. तीन आठवडे तशीच शांतता होती. मग एका सकाळी धाकटी भावजय केळ्यांचा एक घड आमच्या ओटीवर ठेवून गेली. भाऊ आता बोलतो. पूर्वीसारखे नाही, थोडे थोडे. अकरा वर्षांत वाळलेली बाग एका पावसाने हिरवी होत नाही. परंतु मूळ धरले आहे.

मनन म्हणजे शिकलेल्यांचे किंवा मठातील लोकांचेच काम, अशी आपली समजूत असते. किडरमिन्स्टरचे विणकर व नगरचा तो शेतकरी यांनी ती खोटी पाडली आहे. शेतावरून परतताना, चुलीपुढे बसताना, गाडीची वाट पाहताना पाव तास सर्वांना सापडतो. शुभवर्तमानातील एखादा प्रसंग घ्यावा. तो डोळ्यांपुढे आणावा. त्यावर विचार करावा. मग स्वतःला नाव घेऊन विचारावे की तुझ्या घरात, तुझ्या वाडीत याचा अर्थ काय. आणि शेवटी प्रभूशी बोलावे. जपमाळेची रहस्येही याच साठी आहेत. मणी पुढे सरकावेत आणि मन जागच्या जागी राहावे, हा तिचा हेतू नव्हे. मन पुन्हा पुन्हा एकाच ठिकाणी धावत असेल, तर त्याला ओढण्यापूर्वी ते कोठे जाते हे एकदा पाहावे. कदाचित प्रभूच तेथे वाट पाहत असेल.

एक इशारा मात्र दिला पाहिजे. आत्मपरीक्षणाचाही अतिरेक होतो. बनियनने आपल्या आत्मवृत्तात स्वतःच्या तारणाविषयीच्या शंकांनी वर्षानुवर्षे सोसलेल्या यातना सांगितल्या आहेत. स्वतःला प्रवचन करणारा माणूस एकटाच न्यायाधीश होऊन बसला तर त्याला क्षमा कोण सांगणार? म्हणून ख्रिस्तसभेने आपल्याला पापनिवेदनाचा संस्कार दिला आहे. चौकातील अर्ध्या तासाने माझी जखम उघडी केली. ती बांधली गेली पापनिवेदनाच्या पेटीपाशी.

निरोपाच्या दिवशी काकांनी माझी जपमाळ क्षणभर हातात घेऊन परत दिली. आपल्या विभक्त बंधूंमध्येही ख्रिस्ताची संपत्ती आहे, ती आनंदाने ओळखावी, असे दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६४ साली शिकविले. मी ते वाचले होते. परंतु पटले ते त्या ओट्यावर.

ज्या प्रभूने इसहाकाला ऐसपैस जागा दिली, तो आपल्या प्रत्येक घरातील बंद कुलुपे उघडो, आणि दररोजच्या संध्याकाळी पाव तास तरी त्याच्यासाठी राखून ठेवण्याची बुद्धी आपणां सर्वांस देवो.